अठराव्या बाईचे हात

ताई मागच्या दारानं स्वयंपाकघरात आली, बुटांचा चिखल पायपुसण्यावर नीट घासला आणि बसायच्याही आधी म्हणाली, "छकू, तुला ते चकत्या भाजायला सांगतील. तू नाही म्हण."

छकू मटार सोलत होती. ती सोलतच राहिली.

आई गेली त्याच्या दुसऱ्या दिवशी ताई अशीच मागच्या दारानं आली होती, त्याला आता अकरा महिने झाले होते. या अकरा महिन्यांत छकूनं मनातल्या मनात पुढच्या भेटीची कितीतरी वेळा तालीम केली होती... ताई येईल, मग मी असं म्हणेन, ती तसं म्हणेल, मग मी रडेन, मग ती रडेल आणि मग मी तिला दार दाखवेन! भांडी घासताना ही भाषणं इतकी रंगायची की एकदा भरात येऊन तिनं बिशपांची आवडती किटली फोडली होती. आणि आज ताई खरोखर समोर उभी होती, तर त्यातलं एक वाक्य आठवेना. तिनं आत राग शोधला, सापडला नाही. माया शोधली, तीही जागेवर नव्हती. दाताच्या डॉक्टरनं सुई टोचल्यावर गाल जसा आपला असून आपला राहत नाही, तसं तिचं आतलं सगळं अकरा महिने होऊन बसलं होतं.

"चहा ठेवू?" ती म्हणाली.

छकू बावन्न वर्षांची होती आणि एकोणीस वर्षं बिशपांच्या बंगल्यावर स्वयंपाक करत होती. तिथं तिला सगळे 'बाई' म्हणत. आईच्या मागं तिला छकू म्हणणारं जगात एकच माणूस उरलं होतं आणि ते आत्ता ओट्याला टेकून उभं होतं, अंगात राखाडी झगा, डोक्यावर पांढरं फडकं, आणि खिशात नेहमीसारखी कसलीतरी पत्रकं कोंबलेली.

ताई नन होती. सकाळी सेमिनरीत होतकरू फादरांना ईशज्ञान शिकवायची आणि दुपारी त्यांतल्याच अर्ध्यांना घेऊन कुणाच्या तरी फाटकासमोर जाऊन बसायची. सिस्टरच्या परीक्षेला बसण्यापेक्षा सिस्टरबरोबर रस्त्यावर बसणं सोपं, असं पोरं म्हणत. पोलिसांनी तिला इतक्या वेळा उचललं होतं की ठाण्यात तिची खुर्ची ठरून गेली होती, आणि हवालदार स्वतःच्या घरातली भांडणं तिच्यापुढंच मांडत.

या वेळच्या भांडणाचं मूळ एक यंत्र होतं. बिशपांच्या अखत्यारीतल्या हॉस्पिटलात हजेरीसाठी भिंतीवर ते बसवलं होतं. त्यावर बोट टेकवायचं, यंत्रानं बोट ओळखलं की हिरवा दिवा, आणि माणूस हजर. डॉक्टर हजर झाले, नर्सा हजर झाल्या, फक्त धुलाईखान्यातल्या सतरा बायका काही केल्या हजर होईनात. वीस-वीस वर्षं ब्लीचच्या पाण्यात हात घालून त्यांच्या बोटांवरच्या रेघा पार धुऊन गेल्या होत्या, आणि बिनरेघांचं बोट यंत्राच्या लेखी बोटच नव्हतं. लाल दिवा लागायचा, बाई आत जायची, दिवसभर चादरी धुवायची आणि संध्याकाळी गैरहजर म्हणून घरी परतायची. तीन महिन्यांनी त्यातल्या सगळ्यांत म्हाताऱ्या बाईला, कामावर सतत न आल्याबद्दल, नोकरीवरून काढल्याचं पत्र निघालं. ते पत्र तिला धुलाईखान्यात, तिच्या रोजच्या जागी, ओल्या हातात आणून दिलं.

तिथून ताई पेटली. सतराजणींना घेऊन हॉस्पिटलच्या फाटकाशी बसली. मागण्या तीनच. म्हातारीला परत घ्या, हातमोजे द्या आणि हजेरीला पूर्वीची वही ठेवा.

आणि त्याच दिवशी सकाळी आई गेली.

छकूनं निरोप धाडेपर्यंत पोलिसांनी सगळ्यांना ठाण्यात नेलं होतं. निरोप ठाण्यात पोचला. इन्स्पेक्टर भला माणूस, म्हणाला, सिस्टर, तुम्ही जा, आई ती आई. ताईनं विचारलं, आणि या सतराजणी? त्यांचं सकाळी बघू, तो म्हणाला. मग माझंही सकाळीच बघा, ताई म्हणाली... आईला त्याच संध्याकाळी पुरलं. खड्ड्याच्या काठावर घरचं माणूस म्हणून छकू एकटी. माती टाकायची वेळ आली तेव्हा तिनं एक मूठ आपली टाकली, थोडी थांबली, आणि मग दुसरी मूठ ताईची म्हणून टाकली. घरी येऊन चहा केला तर त्याला चव नव्हती. तिला वाटलं साखर राहिली. साखर घातली, तरी नव्हती. तेव्हापासून तिच्या तोंडाची चव जी गेली ती गेलीच, वासही येईनासा झाला. एकोणीस वर्षांच्या सवयीनं हात आपले अंदाजानं मीठ-तिखट घालत राहिले आणि बंगल्यावर कुणाला काही कळलं नाही.

"ऐकतेयस ना?" ताई म्हणाली.

"ऐकतेय," छकू म्हणाली. एवढंच बोलणं झालं. चहा पिऊन ताई गेली, आणि जाताना तिनं पत्रकातलं एक ओट्यावर ठेवलं. छकूनं त्यात मटाराची टरफलं गुंडाळली.

चकत्यांचं प्रकरण असं होतं. मिस्सेत, म्हणजे चर्चच्या उपासनेत, परमप्रसाद म्हणून देतात त्या पांढऱ्या, कागदासारख्या पातळ चकत्या ताईच्या मठात भाजल्या जात आणि तिथून बेचाळीस चर्चना जात. गव्हाचं पीठ आणि पाणी. तिसरी वस्तू चालत नाही, हा नियम. ताईनं उमेदीची सहा वर्षं घालवून जाडजूड प्रबंध लिहिला होता तो याच भाकरीवर. फाटकाशी बसून, अर्ज करून, सगळं करून साडेनऊ महिन्यांत काही हललं नाही, तेव्हा एके दिवशी ती मठाच्या मदरना म्हणाली, वेदीवरचं कापडही हॉस्पिटलच्या धुलाईखान्यातल्या ज्या बायका धुतात त्या आपल्या लेखी हजर नाहीत. मग त्या कापडावर ठेवलेल्या भाकरीत देव हजर आहे, असं आपण कोणत्या तोंडानं सांगायचं? मदर विचारात पडल्या. मदर विचारात पडल्या म्हणजे मठातलं सगळं बंद पडायचं, तशी भट्टीही बंद पडली. सहा आठवडे झाले. त्या दिवसापासून ताईनं स्वतःही परमप्रसाद घेतला नव्हता, आणि ज्या बाईनं एकतीस वर्षांत एक दिवस चुकवला नाही तिला तो उपास किती जड जात असेल, हे छकूला डोक्यानं समजत होतं.

बेचाळीस चर्चमध्ये हाहाकार झाला! फादरांनी आधी चकत्यांचे अर्धे केले, मग पाव, मग एक फादर चक्क चिमट्यानं कण वाटू लागले. एका चर्चमध्ये भर रांगेत कुणाला तरी शिंक आली आणि अख्ख्या रविवारचा साठा वेदीच्या पायऱ्यांवर पसरला. सेक्रेटरी फादरांनी दूरच्या एका मठातून पार्सल मागवलं. ते आलं तेव्हा पेटीत फक्त पीठ होतं, पुन्हा पहिल्यापासून सुरुवात करता येईल इतकं बारीक. आणि समोर बिशपांच्या गादीचा पंचविसावा वाढदिवस... तीन हजार माणसं, परगावचे आठ बिशप, बँड.

सेक्रेटरी फादर बिशपांच्या उजव्या हाताला बसत आणि बंगल्यातल्या सगळ्या चाव्या त्यांच्याकडे असत. बिशप भले होते, पण त्यांचा भलेपणा सेक्रेटरी फादरांच्या सहीशिवाय चालत नसे. ते काचेच्या कपाटातून एक जुना लोखंडी साचा घेऊन स्वयंपाकघरात आले, लांब दांड्यांचा, दोन तव्यांचा, आत क्रूस कोरलेला, शंभर वर्षांचा गंज चढलेला. बाईंच्या हाताला कोण तोड आहे, असं म्हणाले. मग खिडकीतून मागच्या दोन खोल्यांकडे पाहत राहिले, जिथं आई शेवटची अठरा वर्षं अंथरुणात होती आणि जिथं आता छकू एकटी राहत होती. खोल्या तशा मोठ्या आहेत हो, असं म्हणाले. पाहुण्यांना उपयोगी पडतील अशा.

छकूला समजलं. नोकरी गेली की खोल्या गेल्या, आणि त्या खोल्यांखेरीज तिला जगात दुसरी भिंत नव्हती. पण खरं सांगायचं तर तिला भीतीही वाटली नाही. एकीकडे ताईचं नाही म्हण, दुसरीकडे फादरांचं हो म्हण, आणि मधे ती, पिठाचा डबा हातात घेऊन. डबा हातात होताच, म्हणून तिनं पीठ चाळलं.

तशी ती आयुष्यभर हो म्हणत आली होती. एकतीस वर्षांपूर्वी मठात जायचा फॉर्म आधी तिनं, दारावरच्या सिस्टरसमोर बसून, भरला होता, ताईनं नाही. एकवीस वर्षांची होती, आणि तिला मनापासून जायचं होतं. मंजुरीचं पत्र आलं त्याच आठवड्यात आईनं अंथरूण धरलं. आणि त्याच आठवड्यात ताई घरी येऊन, दार लावून, ढसाढसा रडली की मला मठात जायचंय, पण आईला असं टाकून कशी जाऊ! घरात एकजण राहायलाच हवी होती. छकूनं पत्र चुलीत घातलं आणि ताईला म्हणाली, तू जा गं, मला कुठं जायचंय. पुढं ब्रह्मचर्य, गरिबी आणि आज्ञापालन ही तिन्ही व्रतं तिनंही पाळलीच, फक्त तिची पगारी होती. ताईला यातलं काही ठाऊक नव्हतं.

चार दिवस ती भाजत होती. साचा तापवायचा, चमचाभर पातळ पीठ ओतायचं, दाबायचं, दहा मोजायचे, उघडायचं, कडा कातरायच्या. तव्याच्या सोबतीनं तिच्या बोटांच्या टोकांना गरम-गार कळणं केव्हाच थांबलं होतं, त्यामुळे काम भराभर झालं. चारही दिवस तिच्या डोक्यात एकही विचार आला नाही. पाच हजार चकत्या झाल्या. सेक्रेटरी फादरांनी एक उजेडात धरून पाहिली आणि म्हणाले, रंग जरा सोनेरी आलाय, पण सोहळ्याला शोभेल.

सोहळ्याच्या दिवशी मैदानात मांडव होता. ताई सतराजणींना घेऊन मांडवाच्या अगदी मागं उभी होती. घोषणा नाहीत, फलक नाहीत. फक्त अठरा बायका, आणि त्यातल्या सतराजणींनी आपले तळवे समोर धरलेले, कोरे, पांढरे, सोललेल्यासारखे. परगावच्या एका बिशपांना ती काहीतरी स्थानिक पद्धत वाटली, म्हणून त्यांनीही वेदीवरून तळवे वर केले, आणि त्यांचं पाहून बँडवाल्यांनी.

मग तो क्षण आला. बिशपांनी मोठी चकती दोन्ही हातांनी वर उचलली, तीन हजार माणसं गुडघ्यांवर गेली, टाचणी पडली तर ऐकू येईल अशी शांतता झाली, आणि बिशपांनी ती मोडली.

कट्ट!

माईकमधून तो आवाज मैदानाच्या चारही कोपऱ्यांत गेला. एरवी चकती कशी, जिभेवर ठेवली की गुपचूप विरघळते. त्या दिवशी तीन हजार माणसांच्या तोंडून कुरुम्-कुरुम् असा आवाज उठला, जणू मैदानात मेंढरं सोडली आहेत. लहान मुलं पुन्हा रांगेत लागली. मोठी माणसंही लागली, दुसऱ्या बाजूनं, मान खाली घालून. एक म्हातारी आपल्या सुनेला सांगत होती की सत्तर वर्षांत आज पहिल्यांदा पोटात काही गेल्यासारखं वाटलं.

छकू भांड्यांच्या तंबूत उभी राहून हे पाहत होती. तेव्हा तिला कळलं. विचार करून कळलं नाही. हात आपोआप कमरेकडे गेला, जिथं पीठ मळताना मिठाची वाटी असते, आणि तिथं कळलं.

जेवणाच्या आधीच बंगल्यात धावपळ सुरू झाली. पाहुणे बिशप बागेत बसवले. जेवणघरात बिशप, सेक्रेटरी फादर आणि चर्चचा वेदीसेवक जमले. वेदीसेवकानं साफ सांगितलं की मी चोवीस वर्षं चकत्या खातोय, ही चकती नाही, हे बिस्किट आहे. सेक्रेटरी फादरांनी तीन जाडे ग्रंथ उघडले आणि तिन्ही मिटले. पीठ-पाण्यात तिसरं काही पडलं असेल तर सोहळ्याची मिस्सा धरायची की नाही? तीन हजार माणसांनी घेतलं ते काय घेतलं? हे सांगू शकेल असं शहरात एकच माणूस होतं, आणि ते दोन आठवड्यांपूर्वीच सेक्रेटरी फादरांनी बंगल्यात यायला मनाई केलेलं होतं.

ताईला मांडवातून बोलावून आणलं. छकू भिंतीशी उभी होती, हातात वाढायचा डाव. कुणी तिला बस म्हटलं नाही, जा म्हटलं नाही.

बशीत उरलेली एक चकती होती. ताईनं ती उचलली, वास घेतला आणि तुकडा मोडून तोंडात टाकला. आणि ती थांबली. तिनं डोळे मिटले. पोलिसांच्या गाडीत ताठ बसणारी ती बाई सगळ्यांच्या देखत ओक्साबोक्शी रडायला लागली.

सेक्रेटरी फादरांना वाटलं, देवाचा अपमान सहन झाला नाही. छकूला ठाऊक होतं. आई दर शनिवारी खारी बिस्किटं करायची, तीन बोटांच्या चिमटीचं मीठ, चमचाभर लोणी, पीठ सैल करायला दूध. तो हात छकूच्या हातात जसाच्या तसा उतरला होता. ताईनं ती चव एकतीस वर्षांत चाखली नव्हती, आणि आईच्या मातीला ती आली नव्हती, आणि आता बिशपांच्या जेवणघरात, पाहुण्यांच्या बशीत, आई तिला भेटत होती... छकू पाहत राहिली. तिला ताईचा हेवा वाटला. रडता येतंय, म्हणून.

मग सेक्रेटरी फादर खुर्ची पुढं ओढून बसले आणि आवाज खाली आणून समजुतीचं बोलू लागले. सिस्टरनं एका ओळीचं लिहून द्यावं की तपासलं, सगळं नियमानं होतं. म्हणजे सोहळा वाचला. स्वयंपाकाच्या बाईंची चूक नाही म्हणजे त्यांच्या खोल्याही वाचल्या. आणि धुलाईखान्याच्या त्या तीन मागण्या... संध्याकाळपर्यंत होऊन जातील. त्यांनी पेनाचं टोपण काढून पेन ताईपुढं ठेवलं.

ताईनं डोळे पुसले. तिनं पेनाकडे पाहिलं, मग छकूकडे. छकूनं ताईला भांडताना पाहिलं होतं, उपाशी पाहिलं होतं, पण अशी अडकलेली कधी पाहिली नव्हती. एका ओळीत सतरा बायका होत्या आणि बहीण होती, दोन्ही एका बाजूला! दुसऱ्या बाजूला नुसतं खरं, एकटं, बिनआधाराचं. ताईचा हात हळूहळू पेनाकडे सरकला. ती बहिणीसाठी खोटं लिहिणार होती. आईच्या वेळी जे केलं नाही ते आज करणार होती.

आणि छकूच्या मनात, इतक्या महिन्यांत पहिल्यांदा, एक धड विचार आला. हिला सिस्टर करायला माझं पत्र चुलीत गेलंय. एवढं करून ठेवलेलं एका बिस्किटापायी वाया घालवायचं नाही.

"मीठ घातलंय मी," ती म्हणाली. "लोणी आणि दूधपण. ताई, ते पेन खाली ठेव."

बागेत एक पाहुणे बिशप मोठ्यानं हसले.

"मुद्दाम?" सेक्रेटरी फादरांनी विचारलं.

"नाही. हाताच्या सवयीनं. पुन्हा भाजायला लावाल तर पुन्हा पडेल."

म्हातारे बिशप पुढं वाकले. ते हळूच म्हणाले की मोडली तेव्हाच मला कळलं होतं. एकोणीस वर्षं या हातचं खातोय. मग त्यांनी ताईकडे न पाहताच विचारलं, पुढच्या रविवारी सगळी मिस्सा नव्यानं करायला हवी ना? ताई म्हणाली, हवी. त्याला चकत्या लागतील ना? लागतील. बिशपांनी बोटानं टेबलावरचे कण गोळा केले, एका जागी ठेवले आणि म्हणाले, "उद्यापासून वही ठेवा. ती म्हातारी बाई आली की पहिली सही तिची. हातमोजेही घ्या." सेक्रेटरी फादरांनी तोंड उघडलं. "आणि तुम्ही सही करा," बिशप त्यांना म्हणाले.

छकूबद्दल मात्र ते काही बोलले नाहीत. कण पुन्हा पसरून पुन्हा गोळा करत राहिले. सेक्रेटरी फादरांनाही कुठंतरी जिंकणं भाग होतं. त्यांनी सांगितलं की पुन्हा सोहळा म्हणजे पुन्हा पाहुणे, तेव्हा बाईंनी खोल्या रिकाम्या कराव्यात, आणि ऑफिसात जाऊन आजची शेवटची हजेरी लावून जावी.

हॉस्पिटलसाठी घेतलं तसंच एक यंत्र बंगल्याच्या ऑफिसातही बसवलं होतं. छकूनं सांगितलं तसं केलं. ताई तिच्या मागोमाग गेली, खिशातल्या पत्रकांना उगाच हात लावत. छकूनं बोट टेकवलं. लाल दिवा लागला. दुसरं बोट टेकवलं. लाल दिवा. तिनं पदराला हात पुसून अंगठा टेकवला. लाल दिवा.

"राहू दे," छकू म्हणाली. "ते मला ओळखत नाही."

ताईनं तिचा हात धरून उजेडात वळवला. तळव्याला पीठ लागलेलं होतं, आणि बोटांची टोकं गुळगुळीत, पिवळसर, वापरून झिजलेल्या चमच्यासारखी. एक रेघ नव्हती. अकरा महिने ताई जगाला सतरा बायकांचे हात दाखवत फिरत होती...

"कधीपासून?"

"यंत्र आलं तेव्हापासून. सव्वा वर्ष. सेक्रेटरी फादर पेनानं मला हजर करतात. नाहीतर त्यांना जेवायला कोण वाढणार?"

"मला सांगितलं नाहीस, छकू."

"तू विचारलं नाहीस." छकूच्या बोलण्यात तक्रार नव्हती, बाजारात काय मिळालं, काय मिळालं नाही, हे सांगावं तशी ती सांगत होती. "तुझ्या यादीत सतरा होत्या. मी तुझ्या घरची. घरच्यांची हजेरी कोण घेतं?"

ताईनं तो हात सोडला नाही. ती खाली वाकली आणि तिनं त्या बोटांवर कपाळ टेकलं. पण छकूच्या बोटांना काही कळलं नाही. तिला फक्त दिसत होतं, ताईच्या डोक्यावरचं पांढरं फडकं हलतंय आणि त्यावर आपल्या हातचं पीठ लागतंय.

सामान एका ट्रंकेत मावलं. ट्रंक उचलायला धुलाईखान्यातल्या दोघीजणी आपण होऊन आल्या. ताई तिला आपल्या मठावर घेऊन आली. दार एका खूप म्हाताऱ्या सिस्टरनं उघडलं. ती चाळीस वर्षं त्या दारावर होती आणि आता तिला रोजची माणसं आठवत नसत, जुनी तेवढी आठवत. तिनं छकूचं तोंड जवळून निरखलं, मग ट्रंक पाहिली.

"फार उशीर केलास गं," ती म्हणाली. "पत्र पाठवल्यावर तीन महिने तुझी खोली रिकामी ठेवली होती आम्ही. मग मी तुझ्या या बहिणीला दिली."

छकू पुढं निघून गेली. ताई दारातच थांबली. एक पाय आत, एक बाहेर, अशी ती कितीतरी वेळ उभी राहिली, आणि म्हातारी तिला सांगत राहिली की बाई, आत तरी ये, नाहीतर बाहेर तरी जा, वारा येतोय. आत आल्यावर ती मदरकडे गेली नाही, प्रार्थनाघरात गेली नाही. सरळ भट्टीच्या खोलीत आली आणि छकूशेजारच्या स्टुलावर बसली. तिनं काही विचारलं नाही. विचारायला एकतीस वर्षं उशीर झाला होता, हे तिच्या चेहऱ्यावर दिसत होतं, आणि छकूलाही सांगायचं नव्हतं. मदरनी भट्टीच्या कामाला छकूचं नाव वहीत लिहून घेतलं होतं, आठवड्याला एक दिवस सुट्टी, एवढं ठरलं.

रविवारच्या चकत्या भाजायला त्या दोघी बसल्या. छकू साचा तापवायची, ताई कडा कातरायची. ताईला कातरता येत नव्हतं. गोल चकत्यांना कोपरे येत होते. एवढा मोठा प्रबंध लिहिलास आणि हे येईना, असं छकू म्हणाली, आणि आपण चेष्टा केली हे तिच्या नंतर लक्षात आलं. दुसरा घाणा भिजवताना तिचा हात नेहमीच्या जागी, मिठाच्या वाटीकडे गेला. वाटी तिथं नव्हतीच. तरी तीन बोटांची चिमटी हवेत मिटली, आणि ताईनं पटकन तिचं मनगट धरलं.

त्या गडबडीत साचा कलंडला आणि त्याची तापलेली कड छकूच्या मनगटाच्या आतल्या बाजूला लागली, जिथं कातडी अजून मऊ होती.

"आई गं..." छकू म्हणाली.

ताईनं तिचा हात ओढून पाण्याच्या घमेल्यात धरला. पिठानं पाणी पांढरं झालं. दोघी वाकून त्या लाल होत चाललेल्या डागाकडे बघत होत्या.

"दुखतंय?" ताईनं विचारलं.

छकूनं नीट लक्ष देऊन पाहिलं. मनगटापासून कोपरापर्यंत काहीतरी चढत होतं, कोपरापासून खांद्यापर्यंत, खांद्यापासून घशापर्यंत. आणि मग तिच्या डोळ्यांतून, अकरा महिन्यांचं, साठलेलं, आईच्या दोन मुठी मातीचं...

"हो," ती म्हणाली. "फार दुखतंय, ताई."

ताईनं घमेल्यातला तिचा हात तसाच धरून ठेवला. साच्यात पीठ करपत होतं, त्याचा वास खोलीभर पसरला होता, आणि तो छकूला येत होता.